चौथी की तेरावी

एखादी वस्तू जरा जास्त वेळ जागेवर थांबली की मावशी ती पुसणार, हे चर्चमध्ये सगळ्यांना माहीत होतं. एका लग्नात नवरामुलगा फोटोसाठी पायरीवर ताटकळत उभा राहिला, तर मावशीनं खाली बसून त्याचे बूट पुसून दिले. त्या फोटोत नवरीच्या मागून मावशीची वाकलेली पाठ डोकावते, आणि तो फोटो अजून त्यांच्या घरी भिंतीवर आहे. खांद्यावर कायम फडकं, म्हणून ती फडकंमावशी, आणि एवढं म्हणायला वेळ नसेल तर नुसती मावशी. खऱ्या नावानं कुणी मोठ्यानं हाक मारली असती, तर तीही इकडंतिकडं बघत राहिली असती.

हे काम तिला सासूकडून मिळालं. हातात बादली देताना सासूनं एकच रीत शिकवली होती. "आधी तोंड, मग हात, मग पाय. माणूस असो की संत. पायाचं फडकं तोंडाला लावलंस तर माझ्याशी गाठ आहे!" तेव्हा जुनं चर्च होतं. लाकडी संत, रंगवलेले गाल, काचेचे डोळे. मावशी रोज सगळ्यांची तोंडं पुसायची आणि पुसता पुसता त्यांच्याशी बोलायची. एकाच्या नाकाचा रंग उडाला होता, एका संतिणीच्या हाताचं बोट तुटलं होतं. घरच्या माणसांसारखेच सगळे, आपापल्या खोडींसकट.

मग त्या चर्चच्या भिंतींना तडे गेले, ते पाडलं आणि तिथं नवीन उभं राहिलं. आर्किटेक्टनं म्हणे कागदाला दोनचार घड्या घातल्या, तो टेबलावर ठेवला आणि म्हणाला, हे तुमचं चर्च. लोकांचं डोकंच चक्रावलं. कुणी म्हणालं गोदाम, कुणी म्हणालं पाण्याची टाकी. वरून खालपर्यंत नुसतं काँक्रीट, त्यावर साच्याच्या फळ्यांचे ओरखडे जसेच्या तसे, खिळ्यांच्या डोक्यांचे ठसेसुद्धा. मावशी गिलावेवाल्यांची वाट बघत बसली. बरेच महिने वाट पाहिली आणि शेवटी म्हाताऱ्या फादरांना गाठलं.

"फादर, गिलावेवाले कधी येणार?"

"ते नाही यायचे, मावशी. हे असंच असतं."

"पैसे संपले का?"

"नाही हो. हे मुद्दाम केलंय."

मुद्दाम! मावशीनं मान डोलावली. तिला वाटलं, बिचारे फादर, चर्चची गरिबी झाकतायत. चारचौघांत तो विषय पुन्हा कशाला काढा, म्हणून तिनं नंतर कधी विचारलं नाही.

आतली तऱ्हा तर विचारूच नका. खांब नाहीत, कोनाडे नाहीत, कोनाड्यांतले संत नाहीत. वेदी म्हणजे एक दगडाचा ठोकळा. एका भिंतीत जाड जाड रंगीत काचांचे तुकडे सिमेंटमध्ये बसवलेले. दुपारी ऊन आलं की ऑर्गन वाजवणाऱ्याचं टक्कल आधी निळं व्हायचं, मग लाल, आणि लोक प्रार्थना सोडून तिकडं बघायचे. वेदीवर लोखंडाचा क्रूस टांगलेला, त्यावर लोखंडाचाच ख्रिस्त, आणि त्याला चेहराच नाही! नुसती एक वाकवलेली पट्टी. पहिल्या दिवशी मावशी शिडीवर चढली, फडकं ओलं केलं आणि तशीच थांबली. आधी तोंड, खरं, पण तोंड कुठंय? कुठून सुरुवात करायची? खाली उतरली, पुन्हा चढली, आणि शेवटी वैतागून पट्टी या टोकापासून त्या टोकापर्यंत पुसून काढली. त्या दिवशी तिला चोरी केल्यासारखं वाटत होतं.

तो ख्रिस्त केला होता एका कलाकारबाईनं. आखूड केस, अंगावर कातडी एप्रन, तोंडात सिगारेट, आणि सिगारेट नसली की शिव्या. दोन्ही बाजूंच्या भिंतींवर क्रुसाची वाटही तिनंच केली. येशूला शिक्षा सुनावली तिथपासून त्याला थडग्यात ठेवलं तिथपर्यंतचे चौदा प्रसंग. डाव्या भिंतीवर सात, उजव्या भिंतीवर सात, लोक त्यांच्यासमोर एकेक करून थांबतात आणि प्रार्थना म्हणतात. जुन्या चर्चमध्ये त्यांची चित्रं होती, खाली आकडे होते. बाईनं काय करावं? चौदा चौकोनी लोखंडी प्लेटा, प्रत्येकीच्या चार कोपऱ्यांत चार भोकं, भिंतीत चार बोल्ट. प्लेटेवर कुठं सळई, कुठं पत्रा. आकडा नाही, अक्षर नाही.

"आकडे का नाही घातले, बाई?" मावशीनं विचारलं.

"चालणाऱ्याला कळतं."

आता यावर काय बोलणार? तरी मावशी बोललीच. चौथ्या प्लेटेपुढं उभी राहिली. तिथं एक जाड पत्रा कंसासारखा वाकवलेला होता, आणि त्याच्या पुढ्यात एक सरळ सळई उभी होती. क्रूस घेऊन निघालेल्या मुलाला वाटेत आई भेटते तो हा प्रसंग, एवढं मावशीला माहीत होतं.

"ही वाकलेली कोण?"

"तुम्हाला कोण वाटते?"

"आई."

"मग आईच."

"आणि तिकडं तेराव्यात? मुलाला क्रुसावरून उतरवून आईच्या मांडीवर ठेवतात, तिथं?"

"तीच," बाई म्हणाली आणि सिगारेट शिलगावायला बाहेर गेली.

तीच म्हणजे तीच आई, दुसरी कुठून येणार! मावशीला हसू आलं. एवढं साधं उत्तर द्यायला एवढा तोरा कशाला, असं तिला वाटलं. पुढं ती कलाकारबाई वारली आणि मावशीचे बाकीचे प्रश्न तसेच राहून गेले.

पण हळूहळू सवय झाली हं. चौदांपैकी सहावी मावशीची लाडकी होती. गर्दीतून एक बाई पुढं येते आणि येशूचं घामानं, रक्तानं माखलेलं तोंड पुसते, तो हा प्रसंग. प्लेटेवर नुसती एक तारेची जाळी होती, पण मावशी येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायची, "बघा, ही आमच्या धंद्यातली." सहावीवरून सासूची आठवण यायची, आणि चौथीवरून मुलाची.

आता मुलाचं सांगायलाच हवं. मावशीचा नवरा लवकर गेला. मागं एक मुलगी, जिला सगळे ताई म्हणत, आणि एक धाकटा. धाकटा फादर व्हायला सेमिनरीत गेला तेव्हा मावशीचे पाय जमिनीला लागेनात. बादली घेऊन चालायची तर जणू चांदीचं तबक घेऊन चाललीय. 'माझा फादर' म्हणायला तिनं आधीच सुरुवात केली होती. आणि सगळं शिक्षण होत आलं, आता दीक्षा जवळ आली, तर हा एक दिवस बॅग घेऊन दारात.

"आई, माझ्याच्यानं नाही होणार."

"काय झालं? कुणी काही बोललं का?"

"कुणी नाही. बाकीचे म्हणतात, त्यांना आतून हाक ऐकू येते. मला काहीच ऐकू येत नाही गं. मी नुसता ऐकू आल्यासारखं करतोय."

मावशीला यातलं अक्षरही कळलं नाही. हाक ऐकू येत नाही म्हणजे? कानाचा डॉक्टर दाखवायचा का? तिला दिसले ते फक्त शेजारचे दरवाजे, त्यातून डोकावणारी माणसं आणि 'माझा फादर, माझा फादर' करून आपणच पिटलेला ढोल. उचलली जीभ आणि लावली टाळ्याला. "जा," ती म्हणाली, "आणि पुन्हा मला तोंड दाखवू नकोस!"

आता असं कोण म्हणत नाही हो? आया दिवसातून चारदा म्हणतात. पोरं ऐकून न ऐकल्यासारखं करतात आणि जेवायला येतात. पण हे पोर सेमिनरीत आज्ञा पाळायला शिकून आलेलं. त्यानं आज्ञा पाळली. बॅग उचलली आणि गेला. दुसऱ्या गावी ट्रक चालवायला लागला. ताईला फोन करायचा, आईची चौकशी करायचा, पण तोंड काही दाखवलं नाही.

मावशीचा राग थोड्या दिवसांत ओसरला, हट्ट मात्र राहिला. मीच हाकललं, आता मीच बोलवू? त्यानंच यावं. तो तिकडं म्हणतोय, आईनं बोलवावं. असं ते भिजत घोंगडं पडून राहिलं. फोनमध्ये ताईनं भावाचा नंबर घालून दिला होता, पण मावशीनं ते बटण कधी दाबलं नाही. ती रोज काम संपलं की चौथ्या प्लेटेपुढं उभी राहायची. त्या प्लेटेला तिनं मनातल्या मनात नावच दिलं होतं, भेट. खालच्या कोपऱ्याला बोटं लावायची आणि म्हणायची, तुझी झाली तशी माझीही होऊ दे गं बाई. आणि समोरच्या भिंतीवरची तेरावी? तिला ती घाबरायची. तेरावी पुसताना मान फिरवून पुसायची. आईच्या मांडीवर मेलेला मुलगा, तिकडं कशाला बघायचं!

वर्षं गेली. मग छप्पर गळायला लागलं. घड्यांचं छप्पर म्हटल्यावर घडीत पाणी साचणार नाही तर काय होणार, पण हे आर्किटेक्टला कोण सांगणार. भिंतींवर ओघळ आले, प्लेटांखाली गंजाचे तांबडे डाग पडले. नव्या तरुण फादरांनी दुरुस्ती काढली. चौदाही प्लेटा उतरवून वेदीमागच्या खोलीत ठेवायच्या ठरल्या.

"मावशी, क्रम तुमच्या डोक्यात आहे," फादर म्हणाले. "तुमच्यावर सोपवतो."

मावशीनं खडू आणला. सुतार एकेक प्लेट उतरवायचा, ती पाठीवर आकडा घालायची, शिवाय वरची बाजू कळावी म्हणून एक बाण. चोख काम. आणि अगदी याच दिवसांत ताईचा फोन आला. "आई, पुढच्या रविवारी दुरुस्तीनंतरची मोठी प्रार्थना, मिस्सा, आहे ना? धाकट्याचा ट्रक जवळच्याच गावात माल उतरवायला येतोय. तो म्हणतो, आई ये म्हणाली तर येतो. तू नुसतं ये म्हण. एवढं एक अक्षर."

मावशीनं एकदा श्वास घेतला, दोनदा घेतला. मग म्हणाली, "सांग त्याला, ये म्हणावं."

ताई फोनवरच रडायला लागली. मावशीला एका जागी बसवेना. अशा वेळी हातांना काम लागतं, नाहीतर माणूस वेडं होतं. ती वेदीमागच्या खोलीत गेली, तिथं चौदा गंजलेल्या प्लेटा भिंतीला टेकून उभ्या होत्या. मुलगा येणार आणि प्लेटांना गंज? छे! रॉकेल घेतलं, फडकं घेतलं, आणि एकेक प्लेट घासायला बसली. पुढून घासली. मागून घासली. कोपरे, भोकं, सगळं लखलखीत. शेवटची प्लेट भिंतीला टेकवली, कमरेवर हात ठेवून समाधानानं बघितलं, आणि तेव्हा तिच्या लक्षात आलं.

खडू!

जिनं आकडे घातले, तिनंच ते पुसले. हाताला सवयच तशी. दुसऱ्या कुणाच्या हातून झालं असतं तर तिनं त्याला फाडून खाल्लं असतं, आता ओरडायचं कुणावर?

तरी सुतार आणि ती दोघांनी मिळून बारा प्लेटा लावल्या. येशू तीनदा पडतो, तर सळई आधी तिरकी, मग जास्त तिरकी, मग पार जमिनीला. जाळीची सहावी तर लांबून ओळखू येते. असं करत करत बारा जागी लागल्या, आणि दोन उरल्या. चौथी आणि तेरावी. दोन्ही टेबलावर शेजारी शेजारी. याआधी त्या कधी शेजारी आल्याच नव्हत्या, एक या भिंतीवर, एक त्या. एकीवर वाकलेला पत्रा आणि सळई. दुसरीवरही वाकलेला पत्रा आणि सळई.

"मला तर दोन्ही सारख्याच दिसतात," सुतार म्हणाला.

"सारख्या कशा असतील? एकीत मुलगा जिवंत आहे, एकीत मेलाय!"

"मग यातली मेलेली कुठली?"

तेच तर कळत नव्हतं. भेटीची वाटावी ती प्लेट फिरवली की सळई आडवी व्हायची आणि पत्र्याची मांडी व्हायची. मांडीची वाटावी ती फिरवली की सळई उभी राहायची आणि पत्र्याची आई व्हायची. मावशीनं आपल्या बोटांनी गुळगुळीत झालेला कोपरा शोधला, तर रॉकेलनं आठही कोपरे गुळगुळीत. वजन करून पाहिलं. वास घेऊन पाहिला, रॉकेलशिवाय दुसरा वास नाही. फादरांनी लग्नांचे जुने फोटो काढले. जिथं चौथी दिसायला हवी, तिथं प्रत्येक फोटोत कुणाचा तरी लठ्ठ मामा उभा.

फादर हसले. "मावशी, दिसायला सारख्याच आहेत ना? मग कुठलीही लावा. कुणाला कळणारेय?"

"मला नाही ना कळणार! तेच तर!" मावशी ओरडलीच. फादरांवर ती पहिल्यांदा ओरडली होती. तिला वाटणारी भीती कुणाला समजावून सांगता येत नव्हती. समजा चुकून तेरावी चौथ्या जागी लागली. समजा रविवारी मुलगा आला, आपण त्याला घेऊन भेटीपुढं उभं राहिलो, आणि ती भेट नसलीच तर? ती मेलेल्या मुलाचीच प्लेट असली तर? त्याचा तर ट्रकचा धंदा, रात्रंदिवस रस्त्यावर. तिनं ताईला फोन लावला. "थांब. त्याला इतक्यात ये म्हणू नकोस."

"काय? आई, मी सांगितलंय त्याला!"

"मग नको म्हणून सांग. प्लेटेचा घोळ झालाय."

"कसली प्लेट? आई, तुला माणूस मोठा की लोखंड मोठं?" ताई एवढी चिडली होती की फोन आपटल्याचा आवाज आला. पण तिनं निरोप दिला. आईचे निरोप या घरात फार तंतोतंत पोचायचे, हीच तर सगळी रड होती.

मावशी दोन्ही प्लेटांपुढं बसून राहिली. धड ही ना धड ती. डोळे मिटून पाहिले, उघडून पाहिले. इतकी वर्षं जिच्याशी बोललो ती आपल्याला ओळखू येऊ नये? जुन्या संतांना तोंडं होती, अंधारातसुद्धा हात लावून सांगितलं असतं, हे नाक याचं. इथं हात कशाला लावायचा? तिला रडू आलं, आणि रडायचं कुठल्या प्लेटेपुढं हेसुद्धा कळेना.

शेवटी सुतारच म्हणाला, "अहो, ज्यानं कापल्या त्यालाच विचारू या की. तो वेल्डर आहे अजून."

वेल्डर आला. म्हातारा झाला होता, चष्म्याला दोरी बांधलेली. त्यानं दोन्ही प्लेटांवरून वितीनं माप घेतलं, पत्र्याची कड चाचपली आणि खांदे उडवले.

"दोन्ही एकाच फर्म्यातल्या आहेत."

"म्हणजे?"

"म्हणजे तीच प्लेट दोनदा कापली. बाईनं चौथी करून घेतली, आणि तेरावीच्या वेळी म्हणाली, तीच परत काप. एका सुताचा फरक पडला तर फेकून देईन म्हणाली. एक फेकलीसुद्धा."

"पण का?"

"मी कशाला विचारू? मला वाटलं, कंटाळली असेल. चौदा चौदा डिझाइनं काढायची म्हणजे डोकं चालायला नको का?"

"फरकच नाही?" मावशीनं पुन्हा विचारलं. "एवढासुद्धा?"

"लावण्यात काय तो फरक. एक उभी लावायची, एक आडवी. एवढंच सांगितलं होतं बाईनं."

तीच. कलाकारबाई सिगारेटचं पाकीट चाचपत म्हणाली होती, तीच. मावशीला वाटलं होतं, तीच आई. ती म्हणत होती, तीच प्लेट! आधी मावशीला रागच आला. फसवलं की बाईनं! इतकी वर्षं एकीला बोटं लावत राहिले आणि दुसरीपासून मान फिरवत राहिले, आणि त्या दोन्ही एकच? मग मी मागत काय होते, आणि कुणाजवळ? वेल्डर चहा घेऊन गेलासुद्धा, तरी ती तशीच पुटपुटत उभी.

सुतारानं एक प्लेट उचलली आणि चौथ्या जागेवर भिंतीला टेकवून धरली. लोखंड ते, जड. "मावशी, सांगा पटकन. अशी?" त्यानं प्लेट फिरवली. सळई आडवी झाली, पत्र्याची मांडी झाली. "की अशी?" पुन्हा फिरवली. सळई उभी राहिली.

"परत फिरव," मावशी म्हणाली.

आडवी. उभी. आडवी. तेच लोखंड, तीच आई, तोच मुलगा. मधे नुसतं एक वळण. इतकी वर्षं ती वाट बघत होती की तो येईल, तो बोलेल, देव काहीतरी करेल. आणि हे वळण तर कधीही पडतं, कुणाला न विचारता पडतं.

"अहो मावशी, हात भरून आले माझे! उभा की आडवा, काय ते ठरवा!"

"उभा!" ती एवढ्या जोरात ओरडली की काँक्रीटच्या घड्यांतून तो शब्द परत आला. "उभा आहे तोवर!"

सुताराला काही कळलं नाही. त्यानं बोल्ट पिळायला घेतले. मावशीनं फोन काढला, जे बटण कधी दाबलं नव्हतं ते दाबलं, आणि पलीकडून आवाज आला तेव्हा काय बोलायचं ते तिला आठवेना.

"हॅलो? कोण?"

तिनं फोन कानाशी घट्ट दाबून धरला.

"आई?"

"तू उभा आहेस ना?" तिच्या तोंडून भलतंच निघालं.

"आं? नाही, बसलोय. गाडीत. काय झालं गं? ताई बरी आहे ना?"

"सगळे बरे आहेत. कुठंयस ते सांग."

"इथंच, शेजारच्या गावात, गोदामावर माल उतरवायला आलोय. ताई म्हणाली तू नको म्हणालीस, म्हणून मी..."

"ते राहू दे. तू नको येऊस. मीच येते."

प्लेटेला तिची बोटं लागली होती, घासलेल्या चकचकीत लोखंडावर पाची बोटांचे डाग उमटले होते. सुतारानं ते तिला दाखवलेसुद्धा. "मावशी, हे पुसायचं राहिलं." मावशी तोवर दाराबाहेर पडली होती.

बसमध्ये तिला नाना शंका आल्या. त्यानं ओळखलं नाही तर? मी ओळखलं नाही तर? पहिलं वाक्य काय बोलायचं? माफ कर म्हणायचं, की जेवलास का विचारायचं? ठरवलेलं प्रत्येक वाक्य पुढच्या थांब्यावर तिला चुकीचं वाटत होतं.

गोदामाच्या आवारात पाचसहा ट्रक लागले होते. एका ट्रकजवळ तो उभा होता. अंगानं सुटला होता, केस कमी झाले होते, चेहऱ्यावर धूळ आणि तेलाचा ओघळ. आई फाटकातून येताना त्यानं पाहिली आणि त्याची मान खाली गेली. हात दोन्ही बाजूंना सरळ. ताडकन उभा, पण मान खाली. मावशी, आयुष्यभर फरशीवर वाकून वाकून कंबर मोडलेली बाई, त्याच्या पुढ्यात जाऊन थांबली. बसमध्ये ठरवलेलं एकही वाक्य आठवेना.

"वर कर," ती म्हणाली.

"काय?"

"तोंड. तोंड दाखव मला."

त्यानं तोंड वर केलं. मावशीनं खांद्यावरचं फडकं ओढलं आणि त्याच्या कपाळाजवळ नेलं. मग हात मधेच थांबला. तिनं फडकं उलटं करून बघितलं, पुन्हा सुलटं केलं.

"आई," तो म्हणाला, हसत की रडत ते कळत नव्हतं, "हे पायाचं तर नाही ना?"

"गप उभा राहा," ती म्हणाली आणि कपाळापासून सुरुवात केली.